एकच कोलोनोस्कोपी, चार बिले

पेशंट ५२ वर्षांची स्त्री. पोटाची तक्रार नाही, घराण्यात कुणाला मोठ्या आतड्याचा कर्करोग नाही, आधी कधी कोलोनोस्कोपी, म्हणजे मोठ्या आतड्याची दुर्बिणीने तपासणी, झालेली नाही. राहणार अमेरिकेत, विमा नोकरीतून मिळालेला, खासगी. नेहमीच्या डॉक्टरांनी वय पाहून सांगितले, एकदा स्क्रीनिंग करून घ्या, त्याचे पैसे पडत नाहीत. रुग्णालय नेटवर्कमधले, म्हणजे विमा कंपनीशी करार असलेले, डॉक्टरही नेटवर्कमधले. सकाळी गेली, दुपारी घरी आली. तीन पॉलिप, म्हणजे आतड्याच्या अस्तरावरच्या लहान गाठी, निघाले, तिन्ही त्याच बैठकीत काढले.

मग एकेक करून चार ईओबी आले, म्हणजे कोणी किती भरायचे ते सांगणारी विमा कंपनीची पत्रके. रुग्णालयाच्या क्लेमवर तिचा वाटा शून्य. पोटविकारतज्ज्ञांच्या क्लेममध्ये दोन ओळी होत्या. पहिलीची सगळी रक्कम डिडक्टिबलला (विमा लागू होण्याआधी पेशंटने भरायच्या वार्षिक रकमेला) लावलेली, म्हणजे तिच्या खिशातून, दुसरी नाकारलेली. भूलतज्ज्ञांची रक्कम तिच्या नावावर, पॅथॉलॉजीचीही तिच्याच नावावर. दिवस एक, खोली एक, विमा कंपनी एक, आणि तरी एका क्लेमला कंपनीने म्हटले स्क्रीनिंग आणि तीन क्लेमना म्हटले उपचार.

हे प्रकरण कुणा एका व्यक्तीचे नाही. अमेरिकी क्लेमच्या कोडिंगमध्ये आणि ऑडिटमध्ये जे पुन्हा पुन्हा समोर येते त्यातून ते बेतले आहे. रकमा गोल धरल्या आहेत, हिशेब कळण्यापुरत्या. कोड, नियम आणि तारखा खऱ्या आहेत.

रिपोर्ट

डिनायल, म्हणजे क्लेमला नकार, आले की बहुतेक जण आधी डिनायलचा कोड बघतात. मी आधी रिपोर्ट वाचते, कारण वाद कशावरही असला तरी उत्तर तिथेच असते किंवा तिथे नसते, आणि नसणे हेही कळावे लागते.

या रिपोर्टचे शीर्षक होते ‘पॉलिपेक्टॉमीसह कोलोनोस्कोपी’. इंडिकेशनच्या ओळीत: सरासरी जोखमीच्या व्यक्तीत कर्करोगाचे स्क्रीनिंग. दुर्बीण सीकमपर्यंत, म्हणजे मोठ्या आतड्याच्या सुरुवातीच्या टोकापर्यंत, पोचली. चढत्या भागात ८ मिमीचा बैठा पॉलिप, कोल्ड स्नेअरने, म्हणजे विजेशिवाय तारेच्या फासाने, काढला. आडव्या भागात १२ मिमीचा पॉलिप. आधी फोर्सेप्सने, म्हणजे चिमट्याने, बायोप्सीचा तुकडा घेतला, मग तोच पॉलिप हॉट स्नेअरने पूर्ण काढला. सिग्मॉइडमध्ये, म्हणजे मोठ्या आतड्याच्या शेवटाकडच्या वळणदार भागात, ३ मिमीचा पॉलिप, कोल्ड फोर्सेप्सने काढला. तपासणीनंतरचे निदान: कोलन पॉलिप.

पॅथॉलॉजीकडे तीन बरण्या गेल्या. ए आणि बी या दोन्हींत ट्यूब्युलर ॲडिनोमा, म्हणजे पुढे कर्करोग होऊ शकेल असा पॉलिप, सी मध्ये सहसा निरुपद्रवी असलेला हायपरप्लास्टिक पॉलिप. नर्सने सकाळी भरून घेतलेला फॉर्मही चार्टमध्ये होता. त्यात रक्तस्राव नाही, वजन घटलेले नाही, आणि ‘बद्धकोष्ठता’ या चौकोनापुढे ‘कधीकधी’. हा एक शब्द पुढे त्रास देणार आहे.

डॉक्टरांच्या ऑफिसने पाठवलेला क्लेम असा: ४५३८५, ४५३८०, निदाने डी १२.२ आणि डी १२.३ (चढत्या आणि आडव्या भागातले ॲडिनोमा) आणि के ६३.५ (कोलन पॉलिप). मॉडिफायर, म्हणजे कोडला जोडायची दोन खुणांची पुरवणी, एकही नाही.

काय केले, ते सांगणारे कोड

सीपीटी ही अमेरिकन मेडिकल असोसिएशनची कोडपद्धत. पहिली आवृत्ती १९६६ ची, तेव्हा कोड चार आकडी होते आणि भर शस्त्रक्रियांवर होता. १९७० च्या आवृत्तीपासून पाच आकडी झाले. १९८३ मध्ये मेडिकेअरने, म्हणजे मुख्यतः ज्येष्ठांसाठीच्या सरकारी विम्याने, हेच कोड आपल्या हिक्पिक्स या कोडपद्धतीचा पहिला थर म्हणून घेतले, आणि २००० साली हिपा या आरोग्यविम्याच्या कायद्याखाली ते डॉक्टरांच्या सेवांसाठी देशभरचे प्रमाण ठरले. त्यामुळे डॉक्टरांच्या क्लेमवर सहसा हीच भाषा चालते.

कोलोनोस्कोपीचे कुटुंब ४५३७८ पासून सुरू होते. ४५३७८ म्हणजे नुसती पाहणी. ४५३८० म्हणजे बायोप्सी, एक असो की अनेक. ४५३८४ म्हणजे हॉट बायोप्सी फोर्सेप्सने काढणे, ४५३८५ म्हणजे स्नेअरने काढणे. लक्षात येईल की ही वाटणी हत्यारावर आहे. पॉलिप कुठे होता, किती होते, केवढा होता, यातले काहीही इथे विचारले जात नाही. म्हणून स्नेअरने दोन पॉलिप काढले तरी ४५३८५ एकदाच. ३ मिमीचा पॉलिप कोल्ड फोर्सेप्सने मुळासकट उचलला तरी त्याला ‘काढले’ म्हणून वेगळा कोड नाही, तो बायोप्सीच्या ४५३८० मध्येच बसतो. नवीन कोडरला हे पटत नाही, पण व्याख्या तशी आहे.

म्हणजे या रिपोर्टचे उत्तर ४५३८५ आणि ४५३८०, दोन कोड. इथपर्यंत ऑफिसचा कोडर बरोबर होता.

पुढे एनसीसीआय आडवे आले. कोणते दोन कोड एकत्र चालत नाहीत याच्या जोड्यांची ही यादी मेडिकेअरने १९९६ पासून लागू केली, आणि खासगी कंपन्या तीच किंवा तिच्यावर बेतलेली यादी वापरतात. ४५३८५ पहिल्या रकान्यात, ४५३८० दुसऱ्या रकान्यात: दोन्ही एकत्र आले तर दुसऱ्याचे पैसे नाहीत. तर्क सरळ आहे. ज्या पॉलिपचा तुकडा घेतला तोच नंतर काढला, तर तुकडा घेणे हा काढण्याचाच भाग. पण जोडीपुढे निर्देशांक १ आहे, म्हणजे परिस्थिती खरोखर वेगळी असेल तर मॉडिफायर लावून दोन्ही मागता येतात. वेगळी म्हणजे वेगळा पॉलिप. त्यासाठी ५९, किंवा २०१५ पासून आलेला जास्त नेमका एक्सएस.

मॉडिफायर न लावल्यामुळे दुसरी ओळ सीओ-९७ (दुसऱ्या सेवेतच धरलेली) या नकाराच्या कोडखाली गेली. ऑफिसने अपील केले. आणि गंमत, म्हणजे गंमत कसली, अपिलाच्या पत्रात त्यांनी आधार दिला तो आडव्या भागातल्या पॉलिपचा: ‘सोबतच्या रिपोर्टप्रमाणे बायोप्सी स्वतंत्रपणे घेतलेली आहे.’ रिपोर्टमध्ये ‘बायोप्सी’ हा शब्द त्याच एका वाक्यात होता. सिग्मॉइडच्या वाक्यात ‘काढला’ असे होते, म्हणून पत्र लिहिणाऱ्याची नजर त्यावरून घसरली. विमा कंपनीच्या तपासनिसाने ते वाक्य वाचले, तोच पॉलिप नंतर स्नेअरने काढलेला दिसला, आणि नकार कायम केला. त्याने बरोबरच केले. हक्काची ओळ चुकीच्या पुराव्यावर मागितली होती. ४५३८० खरा होता तो सिग्मॉइडच्या ३ मिमीवर.

५९ बद्दल विमा कंपन्या इतक्या संशयी का, यालाही कारण आहे. अमेरिकी आरोग्य खात्याच्या महानिरीक्षक कार्यालयाने २००५ मध्ये अहवाल दिला: २००३ या आर्थिक वर्षात ५९ लावून पास झालेल्या जोड्यांपैकी ४० टक्के नियमात बसत नव्हत्या, आणि त्यातून ५ कोटी ९० लाख डॉलर चुकीने दिले गेले. अजूनही काही बिलिंग सॉफ्टवेअरमध्ये जोडी अडली की ५९ आपोआप लावायची सोय असते. मला विचाराल तर ती सोय बंद ठेवावी. रिपोर्टमधले कोणते वाक्य त्या दोन आकड्यांमागे उभे आहे हे माणसाला दाखवता आले पाहिजे.

इथे थोडे वळण घेते, कारण त्यामुळे हत्यार आणि जागा हा फरक नीट दिसतो. हीच बाई रुग्णालयात भरती असती, तर रुग्णालयाने आपल्या प्रक्रियांसाठी सीपीटी वापरलेच नसते. १ ऑक्टोबर २०१५ पासून भरती रुग्णांसाठी आयसीडी-१०-पीसीएस ही प्रक्रियांची वेगळी कोडपद्धत आहे. त्यात प्रत्येक कोड सात खुणांचा, आकडे आणि अक्षरे मिळून. आय आणि ओ ही अक्षरे वगळलेली, एक आणि शून्याशी घोटाळा नको म्हणून. चढत्या भागातला पॉलिप काढणे म्हणजे ०डीबीके८झेडझेड. चौथी खूण के म्हणजे चढता भाग. आडव्या भागासाठी एल, सिग्मॉइडसाठी एन. पाचवी खूण ८ म्हणजे नैसर्गिक मार्गातून दुर्बिणीने. स्नेअर होता की फोर्सेप्स, पीसीएसला त्याचे देणेघेणे नाही. तीन जागा, म्हणून तीन कोड.

आणि आडव्या भागातली ती बायोप्सी, जी सीपीटीत मोजायची नाही? पीसीएसच्या नियमात बी३.४बी म्हणून कलम आहे: बायोप्सीनंतर त्याच जागी मोठी प्रक्रिया केली तर दोन्ही कोड लिहा. म्हणजे बायोप्सीचा ०डीबीएल८झेडएक्स आणि काढण्याचा ०डीबीएल८झेडझेड, दोन्ही. एका पद्धतीत जे लिहिणे चूक ते दुसरीत न लिहिणे चूक. सीपीटीतून डॉक्टरला ओळीगणिक पैसे मिळतात, म्हणून तिथे दुबार मोजणीचे भय असते. पीसीएसवर चालणाऱ्या भरतीचे पैसे मेडिकेअरसारख्या योजनेत सबंध मुक्कामाच्या गटावर ठरतात, त्यामुळे आत काय काय झाले ते सगळे लिहून घेणे त्या पद्धतीला परवडते. भरती रुग्णांचे काम करून बाह्यरुग्ण विभागात आलेले चांगले कोडरही या एका जोडीवर अडखळतात ते याचमुळे.

कशासाठी केले

आता पहिली ओळ, जी नाकारली गेलीच नव्हती. ४५३८५ पास झाला, दर मान्य झाला, फक्त रक्कम पीआर-१ या डिडक्टिबलच्या कोडखाली पेशंटकडे वळली. ऑफिसच्या दृष्टीने हा क्लेम यशस्वी होता.

इथे हिशेब बघा. समजा मान्य दर असे: ४५३७८ ला ६०० डॉलर, ४५३८० ला ६५०, ४५३८५ ला ८००. एकाच कुटुंबातल्या दोन दुर्बीण प्रक्रिया एकत्र झाल्या की मोठीचे पूर्ण पैसे आणि धाकटीचे मूळ कोडहून जितके जास्त तितकेच. म्हणजे ४५३८५ चे ८००, आणि ४५३८० चे ६५० वजा ६००, फक्त ५०. ऑफिसने ज्या ओळीसाठी अपील केले तिची किंमत ५० डॉलर होती. ८०० डॉलरची ओळ चुकीच्या खिशातून वसूल होत होती, आणि तिच्याकडे कुणी ढुंकून पाहिले नाही. सीओ म्हणजे ऑफिसचे नुकसान, पेशंटकडे मागता येत नाही. पीआर म्हणजे पेशंट देईल. बिलिंगच्या कामाच्या याद्या सीओ वर चालतात. या धंद्यातली ही खोड मला सगळ्यात खटकते: चूक कुणाच्या खिशाला लागली यावर ती शोधायची की नाही हे ठरते.

चूक होती निदानात. नवीन कोडरचा ठरलेला प्रश्न असतो: “मॅडम, पॉलिप निघालाय, हिस्टोमध्ये ॲडिनोमा आलाय, मग झेड कोड पहिला कसा लावायचा?” झेड कोड म्हणजे आजार नव्हे, भेटीचे कारण सांगणारा कोड. प्रश्न वाजवी आहे. बाह्यरुग्ण कोडिंगमध्ये त्यांना शिकवलेलेच असते की तपासणीनंतर पक्के झालेले निदान लिहा, आधीची शंका नको. पण स्क्रीनिंगला स्वतंत्र नियम आहे, आयसीडी-१०-सीएम या निदानांच्या कोडपद्धतीच्या अधिकृत मार्गदर्शक सूचनांत, विभाग १, सी.२१.सी.५. लक्षण नसलेल्या माणसात रोग लवकर सापडावा म्हणून केलेली चाचणी म्हणजे स्क्रीनिंग. भेटीचे कारणच स्क्रीनिंग असेल तर स्क्रीनिंगचा कोड पहिला, आणि तपासणीत काही सापडले तर तो कोड त्याच्या जोडीला. झेड १२.११ (मोठ्या आतड्याच्या कर्करोगाचे स्क्रीनिंग) पहिला, मग डी १२.२, डी १२.३, के ६३.५. सापडलेल्या पॉलिपने येण्याचे कारण बदलत नाही.

रुग्णालयाच्या कोडरने नेमके हेच केले होते, म्हणून तिथला वाटा शून्य.

हा क्रम म्हणजे नुसती शिस्त नव्हे, त्यामागे कायदा आहे. २०१० च्या परवडणारी आरोग्यसेवा कायद्याखाली प्रतिबंधक सेवा कार्यदलाने, म्हणजे यूएसपीएसटीएफने, ए किंवा बी श्रेणी दिलेली सेवा नेटवर्कमध्ये घेतली तर पेशंटकडून काही घ्यायचे नाही. जुन्या सवलतीत चालू राहिलेल्या थोड्या योजना वगळून खासगी योजनांना हे लागू आहे. मोठ्या आतड्याच्या कर्करोगाच्या स्क्रीनिंगला ५० ते ७५ वयात ए श्रेणी आहे, आणि मे २०२१ पासून ४५ ते ४९ वयाला बी. पॉलिप निघाला की स्क्रीनिंग संपले आणि उपचार सुरू झाला, असा अर्थ काही विमा कंपन्या सुरुवातीला लावत होत्या. फेब्रुवारी २०१३ मध्ये केंद्रीय खात्यांनी लेखी खुलासा केला की स्क्रीनिंगच्या वेळी पॉलिप काढणे हा स्क्रीनिंगचाच अविभाज्य भाग आहे. मे २०१५ मध्ये भूल, आणि ऑक्टोबर २०१५ मध्ये पॉलिपची पॅथॉलॉजीही त्यातच घेतली.

पण विमा कंपनीचे संगणक खुलासे वाचत नाहीत, कोड वाचतात. ४५३८५ च्या व्याख्येत स्क्रीनिंगचा उल्लेख कुठेच नाही. तोच कोड रक्तस्रावाच्या पेशंटलाही लागतो. म्हणून सीपीटीत मॉडिफायर ३३ आणला गेला: या सेवेचा मुख्य हेतू प्रतिबंधक होता. ४५३८५-३३, पहिले निदान झेड १२.११. ऑफिसच्या क्लेमवर यातले एकही नव्हते, आणि समोरच्या संगणकाला दिसली ती ॲडिनोमा असलेली एक पेशंट, जिच्यावर उपचार झाला.

हीच बाई ६७ वर्षांची आणि मेडिकेअरवर असती तर ३३ चालला नसता. तिथे पीटी, म्हणजे स्क्रीनिंगचे पुढे उपचारात रूपांतर झाले हे सांगणारा मेडिकेअरचा मॉडिफायर. काहीच सापडले नसते तर सीपीटीही नाही, हिक्पिक्सचा जी०१२१. पॉलिप निघाल्यामुळे ४५३८५-पीटी, आणि पीटी लावूनही सगळे माफ नाही: डिडक्टिबल माफ, पण सहविम्याचा, म्हणजे पेशंटचा टक्केवारीतला, वाटा २०२३ ते २०२६ मध्ये १५ टक्के, २०२७ ते २०२९ मध्ये १० टक्के, आणि शून्य व्हायला २०३० उजाडणार. आतडे तेच, पॉलिप तोच, कायद्याची कलमे वेगळी.

भूल आणि पॅथॉलॉजी

भूलतज्ज्ञांच्या ऑफिसने ००८११ लावला होता, म्हणजे खालच्या आतड्याच्या दुर्बीण तपासणीची भूल. २०१८ पासून स्क्रीनिंग कोलोनोस्कोपीच्या भुलीला स्वतंत्र कोड आहे, ००८१२, आणि सीपीटीची सूचना स्पष्ट आहे की शेवटी काय सापडले याचा विचार न करता तोच लावा. मग ००८११ का? एक कारण सवयीचे: मेडिकेअर मात्र पॉलिप काढला गेला असेल तर ००८११-पीटी मागते, आणि ज्या ऑफिसमध्ये बहुतांश पेशंट मेडिकेअरचे, तिथे खासगी पेशंटलाही तोच साचा लागतो, वर पीटी गळून पडतो. दुसरे कारण कुणी बोलत नाही: मेडिकेअरच्या तक्त्यात ००८११ ला ४ मूळ युनिट (पैसे ठरवण्याचे एकक) आहेत, ००८१२ ला ३. या प्रकरणात हेतू होता असे मी म्हणत नाही. पण ऑडिटमध्ये हा कोड सतत एकाच बाजूला चुकत असेल तर विचारायला हवे.

पॅथॉलॉजीचे तसे नाही. ८८३०५, म्हणजे काढलेल्या ऊतींची सूक्ष्मदर्शकाखाली तपासणी, तीन बरण्या, तीन युनिट. मोजणी अचूक, निदाने अचूक. फक्त पॅथॉलॉजिस्टला पेशंट दिसत नाही, बरणी दिसते. सोबतच्या मागणीपत्रावर ‘कोलन पॉलिप’ एवढेच होते. पेशंट स्क्रीनिंगला आली होती हे त्यांना कळायला मार्गच नव्हता. तिन्ही चुकलेल्या बिलांत हे एकच असे, की ज्यात बिल करणाऱ्याला दोष देता येत नाही. तपासणीच्या खोलीत मागणीपत्र भरणाऱ्याने एक शब्द जास्त लिहिला असता तर हा क्लेम पहिल्याच फेरीत सुटला असता.

दुरुस्ती

पेशंटने फोन केला तेव्हा ऑफिसमधून मिळालेले पहिले उत्तर नेहमीचे होते: विमा कंपनीशी बोला. कंपनीचे उत्तरही नेहमीचे: डॉक्टरांनी जसे कोड पाठवले तसे आम्ही भरले. दोन्ही उत्तरे खरी, आणि दोन्ही निरुपयोगी. तिचा मुद्दा पुढे सरकला तो तिने रुग्णालयाचा शून्याचा ईओबी शेजारी ठेवून विचारल्यावर: त्याच दिवसाचा हा क्लेम स्क्रीनिंग कसा?

कोड बदलण्याआधी एक गाठ सोडवावी लागली. नर्सच्या फॉर्मवरची ‘कधीकधी बद्धकोष्ठता’. लक्षण शोधण्यासाठी केलेली कोलोनोस्कोपी स्क्रीनिंग होत नाही, आणि पुढेमागे ऑडिट झाले तर तो चौकोन दाखवला जाणार. डॉक्टरांच्या रिपोर्टमध्ये इंडिकेशन स्वच्छ असले तरी चार्टमध्ये दोन सूर असतील तर कोडरने स्वतः निवाडा करायचा नाही, डॉक्टरांना विचारायचे. कसे विचारायचे यालाही अहिमा आणि ॲकडिस या कोडिंग-दस्तऐवज क्षेत्रातल्या संस्थांनी मिळून घालून दिलेली शिस्त आहे. ‘स्क्रीनिंग म्हणून लिहून द्याल का, म्हणजे पेशंटला पैसे पडणार नाहीत’ हा प्रश्न विचारायचाच नाही. उत्तर सुचवणे आणि पैशाचा उल्लेख, दोन्ही निषिद्ध. पाठवलेला प्रश्न साधारण असा: ‘रिपोर्टमध्ये इंडिकेशन सरासरी जोखमीचे स्क्रीनिंग अशी नोंद आहे. नर्सिंग फॉर्ममध्ये अधूनमधून बद्धकोष्ठता अशी नोंद आहे. आपल्या वैद्यकीय मतानुसार तपासणीचे कारण कृपया स्पष्ट करावे: स्क्रीनिंग / लक्षणाचा शोध / अन्य / सांगता येत नाही.’

डॉक्टरांनी तारीख घालून पुरवणी नोंद केली: पेशंटचे रेफरल वयानुसार स्क्रीनिंगचे, बद्धकोष्ठता जुनी, किरकोळ, तपासणीचे कारण नाही. ही नोंद आल्याशिवाय पुढचे पाऊल टाकायचे नव्हते. उलट उत्तर आले असते तर ८०० डॉलर पेशंटलाच भरावे लागले असते, आणि ते योग्य ठरले असते.

पुन्हा अपील करायचे नाही, हा दुसरा निर्णय. अपील म्हणजे आमचा क्लेम बरोबर होता, तुमचा निवाडा चुकला. इथे क्लेमच चुकला होता, म्हणून दुरुस्त क्लेम: क्लेमच्या फॉर्मवर रकाना २२ मध्ये कोड ७ (आधीच्या क्लेमची जागा घेणारा) आणि मूळ क्लेमचा नंबर. तो नंबर लिहायचा राहून गेला तर संगणक दुरुस्त क्लेमला दुबार क्लेम समजून परत नाकारतो, आणि महिना जातो. रकाना २१ मध्ये ए झेड १२.११, बी डी १२.२, सी डी १२.३, डी के ६३.५. पहिली ओळ ४५३८५-३३, निर्देश (ओळ कोणत्या निदानांसाठी ते सांगणारी अक्षरे) ए, बी, सी. दुसरी ओळ ४५३८०-५९-३३, निर्देश ए आणि डी. ५९ आधी, कारण पैसे द्यायचे की नाही ते तो ठरवतो. ३३ नंतर, कारण कुणी द्यायचे ते तो ठरवतो. दुसऱ्या ओळीला बी किंवा सी जोडले असते तर सिग्मॉइड वेगळा असल्याचा आपलाच दावा आपण खोडला असता. या अक्षरांकडे फार कमी लोक लक्ष देतात, पण वेगळ्या पॉलिपची पहिली साक्ष क्लेमवर तीच असते.

डॉक्टरांचा क्लेम दोन्ही ओळींसह पास झाला, पेशंटचा वाटा शून्य. भूलतज्ज्ञांनी ००८१२ आणि झेड १२.११ घालून दुरुस्ती पाठवली. व्याख्येतच स्क्रीनिंग असलेल्या कोडला सीपीटीप्रमाणे ३३ लागत नाही, तरी काही कंपन्या तो मागतात, म्हणून आधी त्या कंपनीचे धोरण बघितले. पॅथॉलॉजी सर्वात शेवटी सुटली, कारण त्यांना आधी दुरुस्त मागणीपत्र हवे होते आणि ते द्यायचे कुणी यावर डॉक्टरांचे ऑफिस आणि रुग्णालय यांच्यात पत्रव्यवहार रेंगाळला. दरम्यान पॅथॉलॉजीच्या बिलाची आठवण देणारी पत्रे पेशंटच्या घरी येतच होती. दुरुस्ती चालू असताना खाते थांबवून ठेवा, असे तिने लेखी कळवल्यावर ती बंद झाली.

ऑफिसने रिपोर्टच्या साच्यात दोन बदल केले. प्रत्येक पॉलिपची नोंद आता एकाच क्रमाने होते: जागा, आकार, हत्यार, बरणीचे अक्षर. आणि इंडिकेशनची ओळ मागणीपत्रावर आपोआप उतरते. माझ्या मते दुसरा बदल जास्त मोलाचा, जरी तो पाच मिनिटांचा होता. कामाच्या यादीत पीआर-१ असलेल्या स्क्रीनिंगच्या ओळी तपासायचा प्रस्तावही मी ठेवला होता. माणसे कमी आहेत, या कारणावर तो बाजूला पडला.

पेशंटपुरते मात्र हे इथे संपत नाही. तिचा एक ॲडिनोमा १० मिमीपेक्षा मोठा होता, आणि अमेरिकी बहुसंस्थीय कार्यदलाच्या २०२० च्या शिफारशीप्रमाणे तिला ३ वर्षांनी पुन्हा बोलावले जाईल. ती भेट पाळतीची असेल, म्हणजे सर्व्हेलन्स. तेव्हा निदानात जुन्या पॉलिपचा इतिहास सांगणारा झेड ८६ मधला कोड येईल, आणि बऱ्याच खासगी योजना अशा भेटीला शून्य वाट्याच्या नियमात धरत नाहीत. मागच्या वेळी फुकट झाली, म्हणून याही वेळी होईल, असे ती गृहीत धरणार. तेव्हा अपॉइंटमेंट देतानाच फ्रंट डेस्कने तिला दोन ओळी लिहून द्याव्यात. विमा कंपनीला विचारायचे ते ‘कोलोनोस्कोपी कव्हर आहे का’ असे नाही, त्याला होच उत्तर मिळते. विचारायचे ते असे: ४५३७८ किंवा ४५३८५, पाळतीची तपासणी, निदान झेड ८६ मधले, मागची कोलोनोस्कोपी ३ वर्षांपूर्वी, डिडक्टिबल लागेल का, आणि उत्तर देणाऱ्या कॉलचा संदर्भ क्रमांक काय.